एक्सेलचं ॲड-इन आणि ‘पॉलिसी’ नावाची हरवलेली डीएलएल

आधी प्रश्न थोडक्यात. एका पतसंस्थेतल्या ११ संगणकांवरचं ऑफिस २००७ काढून ऑफिस २०१६ बसवलं. व्याज आकारणीसाठी १५ वर्षांपूर्वी कुणीतरी लिहून दिलेलं एक्सेलचं ॲड-इन (एक्सेलला जादा सोय जोडणारा छोटा प्रोग्रॅम) त्यांतल्या ७ संगणकांवर पूर्वीसारखं चालतंय, ४ संगणकांवर मात्र त्याचा टॅबच उमटत नाही. एका ‘दुरुस्ती’ करणाऱ्या सॉफ्टवेअरनं शेरा दिला की ‘पॉलिसी.१२.०.मायक्रोसॉफ्ट.ऑफिस.इंटरॉप.एक्सेल.डीएलएल’ ही फाइल गहाळ आहे. (डीएलएल म्हणजे लायब्ररी, इतर प्रोग्रॅमना लागणाऱ्या तयार कोडची फाइल.) प्रश्नकर्त्यांनी ती फाइल डीएलएल फुकट वाटणाऱ्या एका साइटवरून उतरवली, विंडोजच्या सिस्टिम३२ फोल्डरमध्ये टाकली आणि डीएलएलची नोंद करणारं रेगसर्व्हर३२ चालवलं. उत्तर आलं, ‘डीएलएल-रजिस्टर-सर्व्हर हा एंट्री पॉइंट सापडला नाही.’ आता पुढे काय करायचं?

सर्वांत आधी ती उतरवलेली फाइल सिस्टिम३२मधून काढा आणि त्या चारही संगणकांचं पूर्ण स्कॅन करून घ्या. तिजोरीचे हिशेब ज्या यंत्रांवर होतात, त्यांवर अनोळखी ठिकाणची डीएलएल प्रशासकाच्या अधिकारानं ठेवणं हा मोठा धोका आहे. शिवाय ती फाइल अगदी अस्सल असती तरी तिथे तिचा काडीचा उपयोग झाला नसता. का, ते नीट समजावून सांगतो, कारण एकदा ही फाइल काय चीज आहे हे कळलं की पुढची दुरुस्ती तुमची तुम्हालाच सुचेल.

‘पॉलिसी’नं सुरू होणाऱ्या या डीएलएलमध्ये चालवण्याजोगा कोड नसतो. एकही फंक्शन नाही, एकही क्लास नाही. आहे ती फक्त एक नोंद: ‘अमुक आवृत्ती मागायला कुणी आलं, तर त्याला तमुक आवृत्ती द्या.’ डॉटनेट ही मायक्रोसॉफ्टची प्रोग्रॅम बांधण्या-चालवण्याची व्यवस्था, तिच्या भाषेत हिला पब्लिशर पॉलिसी म्हणतात, म्हणजे मूळ लायब्ररी बनवणाऱ्यानंच काढलेला आदेश. मी शिकवताना नेहमी सातबाऱ्याच्या फेरफाराचं उदाहरण देतो. फेरफार म्हणजे जमीन नव्हे. जमीन आता कुणाच्या नावे आहे एवढं तो सांगतो. तो लिहिण्याचा अधिकार ठरावीक माणसालाच असतो, आणि तो सरकारी दफ्तरात चढलेला असेल तरच त्याला किंमत. बाजारातून कुणाच्या तरी फेरफाराची झेरॉक्स आणून घराच्या भिंतीला चिकटवली, तर जमीन आपल्या नावे होत नाही. तुम्ही सिस्टिम३२मध्ये टाकलेली फाइल ही अशी झेरॉक्स आहे.

इथलं दफ्तर म्हणजे ग्लोबल असेंब्ली कॅश (असेंब्ली म्हणजे डॉटनेटची लायब्ररी), लोक तिला नुसतं ‘गॅक’ म्हणतात. डॉटनेट फ्रेमवर्क २००२ साली आलं तेव्हापासून ती आहे. त्याआधीचे हाल ज्यांनी सोसलेत त्यांना आठवत असेल: एका सॉफ्टवेअरनं आपली डीएलएल सिस्टिम फोल्डरमध्ये टाकली की त्याच नावाची जुनी फाइल पुसली जायची आणि तिच्यावर चालणारं दुसरं सॉफ्टवेअर आडवं पडायचं. गॅकमध्ये हे होत नाही. तिथे लायब्ररीची ओळख नुसत्या नावानं ठरत नाही. नाव, चार भागांचा आवृत्ती क्रमांक, भाषा-संस्कृती आणि प्रकाशकाच्या किल्लीची खूण अशा चारही गोष्टी मिळून ओळख बनते. म्हणून एकाच नावाच्या दोन आवृत्त्या तिथे शेजारी-शेजारी सुखानं नांदतात. डॉटनेटचे प्रोग्रॅम ज्यांच्यामार्फत एक्सेल-वर्डशी बोलतात त्या ऑफिसच्या इंटरॉप लायब्ररींची किल्लीची खूण ‘७१ई९बीसीई१११ई९४२९सी’ अशी आहे. फोल्डरच्या नावात ती शेवटी दिसते, लक्षात ठेवा, पुढे तपासताना लागेल.

शेजारी-शेजारी नांदण्यातून एक नवी अडचण मात्र उभी राहिली. तुमचं ॲड-इन बांधलं गेलं तेव्हा त्याच्या पोटात लिहिलं गेलं, ‘मला एक्सेल इंटरॉपची १२.०.०.० हवी.’ ते अगदी तेवढीच आवृत्ती मागतं. संगणकावर नवी आवृत्ती असली तरी डॉटनेट आपणहून ती देत नाही, कारण नवी आवृत्ती जुन्यासारखीच वागेल याची हमी त्याला कुणी दिलेली नाही. ही हमी देण्याचं काम पॉलिसी डीएलएल करते.

तिचं नाव वाचायला शिका, कारण अर्धं निदान तिथेच आहे. ‘पॉलिसी.१२.०’ मधला १२.० हा जुन्या, मागितल्या जाणाऱ्या आवृत्तीचा आकडा आहे. नवी आवृत्ती कोणती, हे नावात नसतं, ते आतल्या नोंदीत असतं. बरेच जण उलट समजतात आणि ‘आमच्याकडे तर २०१६ आहे, मग १२ची फाइल कशाला हवी?’ म्हणून ती उडवून टाकतात. ऑफिस २००३ म्हणजे ११, २००७ म्हणजे १२, २०१० म्हणजे १४, २०१३ म्हणजे १५ आणि २०१६ म्हणजे १६. तेरा हा आकडा वापरलाच गेला नाही, त्यामुळे ‘पॉलिसी.१३.०’ शोधत बसू नका. आणखी एक गोष्ट हमखास गोंधळात पाडते: ऑफिस २०१६ स्वतः १६ असलं तरी त्याच्या एक्सेल इंटरॉप लायब्ररीचा असेंब्ली क्रमांक १५.०.०.० हाच राहिला आहे. गॅकमध्ये १५ दिसला म्हणून ‘जुनंच राहिलंय’ असा निष्कर्ष काढू नका.

एक पॉलिसी फाइल जुन्या आवृत्तीच्या पहिल्या दोन आकड्यांपुरतीच बोलते. म्हणून ११.०साठी वेगळी, १२.०साठी वेगळी, १४.०साठी वेगळी. आणि तीही एक्सेलसाठी वेगळी, वर्डसाठी वेगळी, आउटलुकसाठी, पॉवरपॉइंटसाठी, ‘ऑफिस’ नावाच्या सामाईक लायब्ररीसाठी वेगळी. फोल्डर उघडल्यावर पॉलिसींची ही लांबलचक रांग पाहून साफसफाई करणाऱ्या सॉफ्टवेअरना, आणि कधीकधी माणसांनाही, तो निरुपयोगी पसारा वाटतो. तो पसारा नाही. जुनी ॲड-इन्स नव्या ऑफिसवर चालतात ती या रांगेच्या जोरावर.

आता तुमच्या उतरवलेल्या फाइलचं पाहू. गॅकमध्ये प्रत्येक पॉलिसीच्या फोल्डरात एक नव्हे, दोन फाइली असतात. एक डीएलएल आणि तिच्या शेजारी एक छोटी कॉन्फिग, म्हणजे सेटिंग्जची फाइल. ‘जुनी १२.०.०.०, नवी १५.०.०.०’ हे प्रत्यक्ष वाक्य त्या कॉन्फिगमध्ये असतं. डीएलएल ही प्रकाशकाच्या सहीचं पाकीट आहे आणि ती या कॉन्फिगकडे बोट दाखवते. डीएलएल वाटणाऱ्या साइटवरून तुम्ही आणलंत ते रिकामं पाकीट. रेगसर्व्हर३२चं म्हणाल, तर ते कॉम या डॉटनेटच्या आधीच्या पद्धतीच्या डीएलएलसाठी आहे. डॉटनेटच्या कुठल्याही लायब्ररीवर ते चालवलं की ‘एंट्री पॉइंट सापडला नाही’ असंच उत्तर येणार. तो फाइल बिघडल्याचा पुरावा नाही.

मुळात पॉलिसी फाइल नसणं ही डॉटनेटच्या लेखी चूकच नाही. मागणी आली की ते आधी प्रोग्रॅमची स्वतःची कॉन्फिग फाइल बघतं, मग पब्लिशर पॉलिसी, आणि शेवटी संपूर्ण संगणकासाठीची मशीन कॉन्फिग. शेवटच्याचा शब्द अंतिम. यांतली एखादी नसेल तर ते तक्रार न करता पुढे जातं आणि मूळ मागितलेलीच आवृत्ती शोधायला लागतं. ती सापडली नाही, की मग चूक फेकली जाते, आणि त्या चुकीत नाव येतं ते ‘मायक्रोसॉफ्ट.ऑफिस.इंटरॉप.एक्सेल, आवृत्ती १२.०.०.०’ असं. पॉलिसीचं नाव त्यात येत नाही. तेव्हा ‘पॉलिसी डीएलएल गहाळ’ असा संदेश दिसला, की तो डॉटनेटनं दिलेला नाही एवढं पक्कं समजा. तो एक तर कुठल्या तरी स्कॅनरचा असतो, नाहीतर सेटअपचा. तुमचा त्या ‘दुरुस्ती’वाल्या स्कॅनरचा आहे, आणि त्यावर विसंबून तुम्ही चुकीच्या दारात उभे राहिलात.

मग त्या चार संगणकांवर झालंय काय? माझा पहिला संशय या गोष्टीवर आहे: ऑफिसच्या एमएसआय (विंडोज इन्स्टॉलरच्या) पद्धतीच्या सेटअपमध्ये एक्सेलखाली ‘डॉटनेट प्रोग्रॅमेबिलिटी सपोर्ट’ नावाचा एक पर्याय असतो. इंटरॉप लायब्ररी आणि तिच्या सगळ्या पॉलिसी त्या एका पर्यायाबरोबर येतात. बसवणाऱ्यानं जागा वाचवायला तो काढून टाकला, किंवा सेटअप चालला त्या वेळी संगणकावर हवं ते डॉटनेट नव्हतं, तर हा भाग बसतच नाही. सेटअप मात्र ‘यशस्वी’ म्हणून संपतो. सात संगणक एका हातानं आणि चार दुसऱ्या हातानं, वेगळ्या दिवशी बसवले गेले असतील तर हा फरक तिथेच पडला असणार. बसवणाऱ्याला विचारून बघा.

दुसरा संशय खुद्द डॉटनेटवर. १५ वर्षांपूर्वीचं ॲड-इन बहुधा डॉटनेट २.० किंवा ३.५ धरून बांधलेलं असेल. विंडोज १० आणि ११मध्ये ४ची मालिका आधीपासून असते, पण ३.५ मुद्दाम चालू करावं लागतं. ‘विंडोज फीचर्स’ उघडलंत की यादीत ते पहिल्या काही ओळींतच सापडेल. चांगल्या आणि बिघडलेल्या संगणकांवर ही एक खूण ताडून पाहा. दोन मिनिटांचं काम आहे आणि अनेकदा सगळं तिथेच संपतं.

आता तपासणी. मी ती ज्या क्रमानं करतो त्याच क्रमानं सांगतो.

आधी ॲड-इन खरंच लोड व्हायला निघतं का ते बघा. रजिस्ट्रीत (विंडोजच्या सेटिंग्जच्या भांडारात) चालू वापरकर्त्याच्या सॉफ्टवेअर, मायक्रोसॉफ्ट, ऑफिस, एक्सेल, ॲडइन्स या वाटेवर तुमच्या ॲड-इनच्या नावाची नोंद असेल. तिथे नसेल तर स्थानिक संगणकाच्या शाखेत बघा, आणि ३२ बिटचं ऑफिस ६४ बिटच्या विंडोजवर असेल तर ‘वाव६४३२नोड’खाली. तिथल्या ‘लोडबिहेवियर’चा आकडा ३ हवा. तो २ झालेला दिसला, तर एक्सेलनं प्रयत्न केला, तो फसला आणि एक्सेलनं स्वतःच त्याला बाजूला ठेवलं असा अर्थ. मूळ दोष न काढता नुसता ३ लिहिलात तर पुढच्या वेळी तो पुन्हा २ होईल. एक्सेलच्या ऑप्शन्समध्ये ॲड-इन्सच्या पानावर ‘डिसेबल्ड आयटम्स’ची यादीही उघडून बघा. तिथे एमएसकोअर-ईई.डीएलएल हे नाव दिसलं तर दचकू नका, पण दुर्लक्षही करू नका. जुन्या धाटणीची डॉटनेट ॲड-इन्स एक्सेलला स्वतंत्र दिसतच नाहीत, सगळी त्या एका डीएलएलच्या आडून लोड होतात. त्यामुळे एका ॲड-इननं एक्सेल पाडलं आणि एक्सेलनं एमएसकोअर-ईईवर बंदी घातली, की तशी सगळीच ॲड-इन्स एका फटक्यात गप्प होतात. दोष एकाचा, शिक्षा सगळ्यांना.

ॲड-इन व्हीएसटीओ पद्धतीचं, म्हणजे व्हिज्युअल स्टुडिओ या प्रोग्रॅम लिहिण्याच्या साधनातल्या ऑफिससाठीच्या खास सोयीनं बांधलेलं असेल तर ‘व्हीएसटीओ_सप्रेसडिस्प्लेअलर्ट्स’ या एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबलला शून्य किंमत देऊन एक्सेल पुन्हा उघडा. एरवी गिळून टाकलेली चूक मग खिडकीत स्पष्ट दिसते. त्या खिडकीतला पूर्ण मजकूर कॉपी करून ठेवा. नुसता पहिल्या ओळीचा फोटो काढून मदत मागणारे फार असतात, आणि कामाची माहिती नेमकी त्याच्या खाली असते.

नंतर गॅक. एक्सप्लोररमधून विंडोजमधलं ‘असेंब्ली’ फोल्डर उघडलंत तर अनेक संगणकांवर खरी रचना दिसतच नाही, विंडोज तिथे एक सपाट यादी रंगवून दाखवतं. म्हणून कमांड प्रॉम्प्टवरून जा: सी ड्राइव्ह, विंडोज, असेंब्ली, जीएसी_एमएसआयएल. तिथे ‘पॉलिसी’नं सुरू होणाऱ्या फोल्डरांची डीआयआर यादी काढा आणि चालू असलेल्या सातांपैकी एका संगणकावरही तशीच काढा. दोन्ही याद्या शेजारी ठेवा. डॉटनेट ४चं गॅक वेगळ्या ठिकाणी, विंडोजमधल्या मायक्रोसॉफ्ट.नेट या फोल्डराखाली असतं. पण ऑफिसच्या या लायब्ररी जुन्याच गॅकमध्ये बसतात आणि डॉटनेट ४ दोन्हीकडे बघतं, तेव्हा नवं रिकामं दिसलं म्हणून घाबरू नका.

पॉलिसी १२.०चं फोल्डर बिघडलेल्या संगणकावर नसेल, तर त्याच्याबरोबर प्रत्यक्ष इंटरॉप लायब्ररीचं १५.०.०.० हे फोल्डर तरी आहे का हेही बघा. माझ्या अनुभवात बहुतेक वेळा दोन्ही गायब असतात. आणि हाच मुद्दा मला ठासून सांगायचा आहे: पॉलिसी एकटी हरवत नाही. ती ज्या सेटअपचा भाग आहे तो सेटअप अर्धवट आहे. फाइल आणून तो पूर्ण होत नाही, सेटअप दुरुस्त केला की फाइल आपोआप येते. चालू संगणकावरून फोल्डर उचलून बिघडलेल्यावर टाकण्याचा मोहही आवरा. कदाचित ॲड-इन सुरू होईल, पण विंडोज इन्स्टॉलरला त्या फाइलींची खबरच नसेल. पुढच्या अपडेटला त्या बदलणार नाहीत, काढताना निघणार नाहीत, आणि सहा महिन्यांनी यापेक्षा विचित्र बिघाड घेऊन तुम्ही पुन्हा इथेच याल.

दुरुस्ती अशी. एमएसआय पद्धतीचं ऑफिस असेल तर कंट्रोल पॅनेलमध्ये त्यावर ‘चेंज’ करा, वैशिष्ट्यांची यादी उघडा आणि एक्सेलखालचा डॉटनेट प्रोग्रॅमेबिलिटी सपोर्ट ‘रन फ्रॉम माय कॉम्प्युटर’वर ठेवा. वर्ड किंवा आउटलुकचीही ॲड-इन्स असतील तर तिथेही तेच. तो आधीच लागलेला दिसत असेल तर ‘रिपेअर’ घ्या. क्लिक-टू-रन (इंटरनेटवरून बसणाऱ्या) पद्धतीचं ऑफिस असेल तर ही यादी मिळत नाही, तिथे ‘क्विक रिपेअर’ आणि त्यानं भागलं नाही तर ‘ऑनलाइन रिपेअर’. दुसऱ्याला वेळ लागतो आणि बरंच डाउनलोड होतं, तेव्हा कामकाज संपल्यावर संध्याकाळी लावा. आधी डॉटनेट ३.५ चालू करा आणि मग रिपेअर करा. क्रम उलटा झाला तर मेहनत वाया जाऊ शकते. कुणीतरी तुम्हाला एसएफसी स्कॅननाऊ चालवायला सांगेल. चालवायला हरकत नाही, पण ते विंडोजच्या स्वतःच्या फाइली तपासतं, ऑफिसच्या पॉलिसी त्याच्या कक्षेत येत नाहीत.

एवढं करूनही टॅब उमटला नाही तर फ्युजन लॉग लावायचा. डॉटनेट कुठली लायब्ररी कुठे शोधतं याची टिपणवही म्हणजे हा लॉग. रजिस्ट्रीत स्थानिक संगणक, सॉफ्टवेअर, मायक्रोसॉफ्ट, फ्युजन इथे ‘फोर्सलॉग’ आणि ‘लॉगफेल्युअर्स’ यांना १ द्या, ‘लॉगपाथ’मध्ये आधीपासून अस्तित्वात असलेल्या एखाद्या फोल्डरचं नाव द्या आणि एक्सेल नव्यानं उघडा. लॉगमध्ये तीन गोष्टी वाचायच्या. वर कॉलर कोण, म्हणजे मागणी कुणी केली. मधे पब्लिशर पॉलिसी सापडली की नाही. आणि त्यानंतर ‘पोस्ट-पॉलिसी रेफरन्स’, म्हणजे सगळे आदेश लागू झाल्यावर अखेर कोणती आवृत्ती शोधली गेली. त्या ओळीत अजून १२.०.०.०च असेल तर पॉलिसी लागू झालेली नाही. १५.०.०.० असेल आणि तरी चूक येत असेल, तर पॉलिसीनं आपलं काम केलंय, दोष पुढच्या पायरीवर आहे. काम झालं की ते आकडे आठवणीनं काढा. हा लॉग चालू राहिला तर प्रत्येक डॉटनेट प्रोग्रॅम संथ होतो आणि फोल्डर फुगत जातं.

चुकीच्या क्रमांकावरूनही बरंच कळतं. ८००७०००२ म्हणजे फाइल मिळाली नाही. ८०१३१०४० म्हणजे फाइल मिळाली, पण तिच्यावरची ओळख मागणीशी जुळत नाही. ८००७०००बी म्हणजे बहुतेक वेळा ३२ आणि ६४ बिटची गल्लत. पॉलिसी आणि इंटरॉप लायब्ररी दोन्ही बिटना चालतात, पण ॲड-इन फक्त ३२ बिटसाठी बांधलेलं असेल आणि त्या चार संगणकांवर चुकून ६४ बिटचं ऑफिस बसलं असेल, तर कुठलीही पॉलिसी त्याला वाचवू शकत नाही.

आणि ८००२९सी४ए. हा आकडा दिसला तर इथेच थांबा, तुमचा आजारच वेगळा आहे. ऑफिस २००७ काढताना किंवा नवं-जुनं अदलाबदल करताना एक्सेलच्या टाइप लायब्ररीची (एक्सेलमधल्या सोयींचं वर्णन इतर प्रोग्रॅमना देणाऱ्या फाइलीची) एखादी नोंद रजिस्ट्रीत अनाथ राहून जाते. डॉटनेट त्या नोंदीमागे जातं आणि तिथे फाइलच नसते. एक्सेलच्या टाइप लायब्ररीच्या नोंदीखाली २००७साठी १.६, २०१०साठी १.७, २०१३साठी १.८ आणि २०१६साठी १.९ अशा उपशाखा असतात. जी आवृत्ती संगणकावर नाही तिची उपशाखा उरली असेल तर रजिस्ट्रीची प्रत काढून ठेवा आणि मग ती एकच काढा. लक्षणं पॉलिसी हरवल्यासारखीच दिसतात, म्हणून लोक आठवडाभर गॅक उकरत बसतात.

सेटअप चालू असताना ‘एरर १९३५’ आणि त्यात ‘पॉलिसी.८.०.मायक्रोसॉफ्ट.व्हीसी८०.सीआरटी’ असं नाव दिसलं, तर ती या फाइलीची चुलत बहीण. डॉटनेटबाहेरच्या, सी प्लस प्लसच्या लायब्ररींसाठीही विंडोजमध्ये अशीच व्यवस्था आहे. फक्त तिचं दफ्तर गॅक नसून विनएसएक्सएस हे विंडोजमधलं फोल्डर आहे. तिथेही फाइल शोधून आणायची नसते. त्या वेळी विंडोजला ती नोंद दफ्तरात चढवता आलेली नसते. विंडोज व्हिस्टा आणि ७च्या काळात याचं एक ठरलेलं कारण म्हणजे फाइल सिस्टिमच्या व्यवहारांचा लॉग बिघडणं. विंडोजच्या एफएसयूटिल या साधनाच्या ‘रिसोर्स सेटऑटोरिसेट ट्रू’ या आज्ञेनं सी ड्राइव्हचा तो लॉग पुढच्या बूटला नव्यानं बांधून घेतला की सेटअप सुरळीत व्हायचा.

या चुलत बहिणीनं २००९च्या जुलैत आम्हा सगळ्यांना एक धडा दिला होता. एटीएल या सी प्लस प्लसच्या लायब्ररीत सुरक्षेचा गंभीर दोष सापडला आणि व्हिज्युअल स्टुडिओ २००५साठी सुधारणा आली. ज्यांनी ती बसवली त्यांच्या संगणकावर नव्यानं बांधलेले प्रोग्रॅम सीआरटीची (सी प्लस प्लसच्या पायाभूत लायब्ररीची) ८.०.५०७२७.४०५३ ही आवृत्ती मागू लागले. ग्राहकांकडे होती जुनी, ८.०.५०७२७.७६२. ग्राहकाकडे प्रोग्रॅम उघडेचना, ‘ॲप्लिकेशन कॉन्फिगरेशन चुकीचं आहे’ एवढाच निरोप. मी तेव्हा एका छोट्या कंपनीत होतो आणि दोन दिवस आम्ही आमच्याच कोडमध्ये दोष शोधत होतो. पॉलिसी जुन्या मागणीला नव्याकडे नेते. नवी मागणी घेऊन आलेल्याला जुन्यावर भागव असं ती कधी सांगत नाही. तुमच्याकडेही हे लागू आहे: उद्या ॲड-इन १५वर बांधून घेतलंत आणि एखाद्या शाखेत २००७च राहिलं असेल, तर तिथे ते चालणार नाही.

हे वाचणाऱ्यांत लायब्ररी बनवणारेही असतील, त्यांच्यासाठी थोडं. पब्लिशर पॉलिसी तुम्हीही काढू शकता: कॉन्फिग लिहायची, असेंब्ली लिंकर या साधनानं तिचं पाकीट बनवायचं, मूळ लायब्ररीच्याच किल्लीनं सही करायची आणि दोन्ही फाइली एकत्र गॅकमध्ये चढवायच्या. ‘त्याच किल्लीनं’ हे शब्द अधोरेखित करा. वेगळ्या किल्लीनं सही झाली तर चूक येत नाही, पॉलिसी नुसती दुर्लक्षित होते, आणि असं मूक अपयश शोधणं सर्वांत कठीण. पॉलिसी फक्त आवृत्ती बदलू शकते, किल्ली नाही. लॉग४नेट या नोंदी ठेवणाऱ्या लायब्ररीच्या १.२.१० आणि १.२.११ या आवृत्त्यांच्या किल्ल्या वेगळ्या आहेत, त्यामुळे आवृत्ती वळवणारे कितीही आदेश (रीडायरेक्ट) लिहिले तरी एकाची मागणी दुसऱ्याकडे वळत नाही. क्रिस्टल रिपोर्ट्स या अहवाल बनवणाऱ्या सॉफ्टवेअरबरोबर काम केलेल्या कित्येकांनी यात रात्री घालवल्या आहेत. चुकीची पॉलिसी बाहेर गेलीच, तर ती मागे घ्यायचा मार्ग म्हणजे चढत्या क्रमांकाची दुसरी पॉलिसी काढणं, कारण गॅकमधल्या सर्वांत वरच्या आवृत्तीची पॉलिसी मानली जाते.

आणि मनापासून एक विनंती: वागणूक बदललेल्या आवृत्तीसाठी पॉलिसी काढू नका. साधा प्रोग्रॅम आपल्या कॉन्फिगमध्ये ‘पब्लिशर पॉलिसी नको’ असं लिहून सुटू शकतो. जुन्या धाटणीच्या ॲड-इनला ती सोय नाही. ते एक्सेलच्या प्रक्रियेत पाहुणं असतं आणि तिथे कॉन्फिग चालते ती एक्सेलची. तुमचा आदेश त्याच्यावर लादला जातो आणि त्याच्या मालकाला पत्ताही नसतो.

नावातल्या साम्यामुळे आणखी एक घोटाळा होतो. प्रशासकानं ग्रुप पॉलिसीतून (अनेक संगणकांना एकाच ठिकाणाहून नियम लावायच्या सोयीतून) ‘मॅनेज्ड ॲड-इन्स’ची यादी लावली असेल आणि यादीबाहेरचं सगळं बंद केलं असेल, तरीही तुमचा टॅब उमटणार नाही. त्या ‘पॉलिसी’चा या डीएलएलशी काहीही संबंध नाही. रजिस्ट्रीच्या पॉलिसीज शाखेत ऑफिस १६.०, एक्सेल, रेझिलियन्सी, ॲडइनलिस्ट इथे तुमच्या ॲड-इनपुढे शून्य असेल तर ते बंद केलेलं आहे, १ असेल तर नेहमी चालू, २ असेल तर वापरकर्त्याच्या मर्जीवर. चारच संगणक वेगळ्या गटात टाकलेले असणं अगदी शक्य आहे.

शेवटी कायमचा उपाय, ॲड-इनचा सोर्स कोड तुमच्याकडे असेल तर. व्हिज्युअल स्टुडिओ २०१० आणि डॉटनेट ४ यांच्यापासून ‘एम्बेड इंटरॉप टाइप्स’ ही सोय आहे. ती लावून ॲड-इन पुन्हा बांधलं की इंटरॉप लायब्ररीतला हवा तेवढा भाग ॲड-इनच्या पोटातच येतो. मग ना गॅकमधली लायब्ररी लागते, ना तिची पॉलिसी. बांधताना ‘ॲप्लिकेशनक्लास’वर अडेल, तिथे ‘ॲप्लिकेशन’ हा इंटरफेस वापरा. बहुतेक जुन्या कोडमध्ये तेवढाच बदल लागतो. डॉटनेट ५ किंवा पुढच्या आवृत्तीवर न्यायचा विचार मात्र करू नका. तिथे गॅक नाही, पब्लिशर पॉलिसी नाही, आणि व्हीएसटीओ ॲड-इन्स तिथे बनवताही येत नाहीत. त्यांचं घर डॉटनेट फ्रेमवर्क ४.८च्या घराण्यातच आहे. संस्थेत कुणाचं आउटलुकचंही असं ॲड-इन असेल तर हेही सांगून ठेवतो: विंडोजच्या नव्या आउटलुकमध्ये कॉम आणि व्हीएसटीओ ॲड-इन्स चालत नाहीत, त्यासाठी जुनंच आउटलुक ठेवावं लागेल.

सोर्स कोड हाताशी नसेल तर ज्यांनी ॲड-इन लिहून दिलं त्यांना आत्ताच गाठा, ते भेटताहेत तोवर. दरम्यान त्या चारांपैकी एका संगणकावर डॉटनेट ३.५ चालू करून रिपेअर घ्या. तरीही अडलं तर लोडबिहेवियरचा आकडा, ऑफिस ३२ बिटचं की ६४चं, दोन संगणकांवरच्या पॉलिसी फोल्डरांच्या याद्या आणि फ्युजन लॉगमधली पोस्ट-पॉलिसी रेफरन्सची ओळ एवढं पाठवा. त्यावरून पुढचं नेमकं सांगता येईल.